वायरवरचे नऊ, बसमधले तेरा : काउंट बेसीचा बँड, १९३६ ते १९३८

१९३६ च्या सुरुवातीला विल्यम ‘काउंट’ बेसी हा पियानोवादक कॅन्सस सिटीतल्या रेनो क्लबमध्ये नऊ जणांचा बँड चालवत होता. १९३८ च्या उन्हाळ्यात त्याचा बँड न्यूयॉर्कच्या ५२ व्या रस्त्यावरून सीबीएस या रेडिओ जाळ्यावर देशभर ऐकू येत होता. तोवर वादक चौदा झाले होते आणि मूळ नऊपैकी पाच उरले होते. मधल्या काळात रेकॉर्डिंगचा करार अंगाशी आला, शिकागोत बँडची हकालपट्टी थोडक्यात टळली आणि न्यूयॉर्कच्या समीक्षकांनी बेसूर म्हणून झोडपलं.

ही गोष्ट सहसा रेडिओमुळे नशीब उघडल्याची म्हणून सांगितली जाते. तसं ते उघडलं हे खरंच. पण रेडिओनं नाव मिळवून दिलं ते नऊ जणांच्या वाजवण्याला, आणि त्या नावावर बाजाराला हवा होता तेरा-चौदा जणांचा बँड. लहान बँडची चाल मोठ्या बँडच्या अंगात उतरवायला दीड-दोन वर्षं लागली. त्या काळात काय मोडलं, काय बदललं आणि काय हट्टानं तसंच ठेवलं, हे या प्रकरणात पाहायचं आहे.

रेनो क्लब आणि डायलच्या टोकाचं केंद्र

बेसीचा जन्म न्यू जर्सीतल्या रेड बँकचा, २१ ऑगस्ट १९०४ चा. हार्लेममध्ये फॅट्स वॉलरच्या मागे बसून तो ऑर्गन शिकला. फिरत्या करमणूक कंपनीबरोबर १९२७ मध्ये कॅन्सस सिटीत आला, कंपनी तिथेच बारगळली आणि तो अडकला. आधी वॉल्टर पेजच्या ‘ब्लू डेव्हिल्स’मध्ये आणि १९२९ पासून बेनी मोटेनच्या बँडमध्ये त्यानं वाजवलं. २ एप्रिल १९३५ रोजी टॉन्सिलच्या शस्त्रक्रियेत मोटेन दगावला. त्याच्या बँडमधली आणि जुन्या ब्लू डेव्हिल्समधली माणसं जमवून बेसीनं रेनो क्लबमध्ये बस्तान बसवलं.

रेनो ही बाराव्या रस्त्यावरची स्वस्तातली जागा होती. काम पहाटेपर्यंत चालायचं आणि आठवड्याचा पगार माणशी वीस डॉलरच्या आतबाहेर. बँडची रचना अशी : तीन ट्रम्पेट, तीन सॅक्सोफोन, आणि पियानो, बास, ड्रम हे तिघं. ट्रोम्बोन नाही, गिटार नाही. सॅक्सोफोनला बस्टर स्मिथ, लेस्टर यंग आणि जॅक वॉशिंग्टन. बासवर तोच वॉल्टर पेज, ज्याच्या हाताखाली बेसी पूर्वी नोकरी करत होता. ड्रमवर जो जोन्स.

क्लबात डब्ल्यू-नाइन-एक्स-बी-वाय या स्थानिक रेडिओ केंद्राची वायर होती, म्हणजे थेट प्रसारणासाठी क्लबातून केंद्रापर्यंत जाणारी तार. या केंद्राचं तांत्रिक वेगळेपण पुढच्या घटनांसाठी महत्त्वाचं आहे. ते प्रायोगिक परवान्यावर चालणारं, ध्वनीच्या दर्जासाठी उभारलेलं केंद्र होतं. साध्या केंद्राला १० किलोसायकलचा पट्टा मिळे, याला २० चा मिळाला होता. जागा मात्र डायलच्या वरच्या टोकाला, १५०० किलोसायकलच्याही पुढे, जिथे साधारण श्रोता काटा नेतच नसे. शक्ती एक हजार वॅट. दिवसा एवढ्या शक्तीचं केंद्र शहर आणि आसपासचा मुलूख सोडून ऐकू येत नाही. अंधार पडला की मात्र मध्यम लहरी वातावरणाच्या वरच्या थरावरून परतून शेकडो किलोमीटर दूर उतरतात. त्यात त्या टोकाला केंद्रांची गर्दी नव्हती, म्हणजे वर चढून बसणारं शेजारचं मोठं केंद्रही नव्हतं. कॅन्सस सिटीपासून शिकागो सुमारे साडेसहाशे किलोमीटर. मध्यरात्रीनंतर, गाडीतला रेडिओ चांगला असेल तर, तिथे रेनो क्लब येत होता.

जॅझवर लिहिणारा आणि रेकॉर्डिंग जुळवणारा जॉन हॅमंड यानं तो असाच ऐकला. क्लॅरिनेटवादक बेनी गुडमन तेव्हा आपला बँड घेऊन शिकागोच्या काँग्रेस हॉटेलात वाजवत होता, हॅमंड त्याच्यासाठी शहरात होता, आणि बाहेर गाडीत बसून काटा फिरवता फिरवता बेसी लागला. हॅमंडनं ‘डाउनबीट’ या संगीत नियतकालिकात बँडबद्दल लिहायला सुरुवात केली, पुढे स्वतः कॅन्सस सिटी गाठली आणि एमसीए या एजन्सीतल्या विलर्ड अलेक्झांडरला गळ घातली.

हॅमंडच्या कानावर नेमकं काय पडलं असेल? त्या काळच्या बहुतेक बँडांत ठेका बास ड्रमवर आणि पियानोच्या डाव्या हातावर उभा असायचा. जो जोन्सनं तो उचलून हाय-हॅटवर, म्हणजे पायानं उघडझाप होणाऱ्या झांजांच्या जोडीवर नेला होता. पेज बासवर बारमधले, म्हणजे चार ठोक्यांच्या एका मापातले, चारही ठोके चालत वाजवत होता. खालची जबाबदारी पेजनं घेतल्यामुळे बेसीचा डावा हात मोकळा झाला. वॉलरकडून शिकलेली भरगच्च चाल त्यानं जवळजवळ सोडून दिली आणि उजव्या हातानं वरच्या पट्टीत दोन-तीन सुरांचे तुकडे टाकू लागला. एका-दोन मायक्रोफोनवर, टेलिफोनच्या तारेतून आणि मग हवेतून जाताना बास ड्रमचा नुसता घुमारा होतो, दाट पियानोचा चिखल होतो. हाय-हॅटची ‘त्सिक’ आणि सुटे सूर मात्र तारेतून नितळ जातात. बेसीनं ही शैली रेडिओसाठी घडवली असं कुणी म्हणणार नाही, ती रेनोतल्या रात्रींत घडली. पण रेडिओच्या तारेला इतका मानवणारा ठेका त्या वर्षी दुसऱ्या कुठल्या बँडकडे असेल असं वाटत नाही.

‘काउंट’ ही पदवीही याच काळातल्या रेडिओ निवेदकाशी जोडली जाते. ड्यूक एलिंग्टन आणि अर्ल हाइन्स आधीच होते. ड्यूक, अर्ल, काउंट या युरोपातल्या सरदारी पदव्या; सरदारांच्या रांगेत एक जागा मोकळी होती.

साडेसातशे डॉलर

हॅमंडच्या लेखांचा एक परिणाम त्याला नको होता तसा झाला. ते इतरांनीही वाचले. डेका कंपनीचा डेव्ह कॅप हॅमंडच्या आधी कॅन्सस सिटीत पोचला. बेसीला वाटलं, हा हॅमंडकडूनच आला आहे. त्यानं सही केली. करार तीन वर्षांचा, वर्षाला २४ बाजू म्हणजे बारा रेकॉर्ड, मोबदला वर्षाला एकूण ७५० डॉलर, रॉयल्टी शून्य. हिशेब मांडला तर बाजूमागे ३१ डॉलर २५ सेंट, आणि तेही सगळ्या बँडमध्ये वाटून. हे वादक संघटनेच्या किमान दराच्याही खाली होतं. हॅमंडनं संघटनेकडे धाव घेतली आणि दर किमान पातळीवर आणवला, पण रॉयल्टीचं कलम कुणालाच हलवता आलं नाही. जानेवारी १९३७ ते फेब्रुवारी १९३९ या काळात डेकासाठी ६३ बाजू झाल्या. बेसीचं नाव आजही ज्या रेकॉर्डवर उभं आहे त्यातल्या बऱ्याच यातच आहेत आणि त्यांच्या विक्रीतून त्याला काही मिळायचं नव्हतं.

चूक कुठे झाली? नाव हवेतून पसरलं होतं, कागदावर त्याचा कुणी मालक नव्हता. बेसीकडे ना वकील होता ना एजंट. एमसीएशी बोलणी अजून चालली होती. आधी प्रतिनिधी ठरायला हवा होता आणि मग सही. क्रम उलटला.

हॅमंडनं यावर एक वळसा काढला. बँड शिकागोत आल्यावर त्यानं त्यातले पाच जण आणि गायक जिमी रशिंग यांना व्होकॅलियन या दुसऱ्या रेकॉर्ड कंपनीसाठी स्टुडिओत नेलं. डेकाच्या करारामुळे बेसीचं नाव घालता येत नव्हतं, म्हणून ट्रम्पेटवाला कार्ल स्मिथ आणि जो जोन्स यांच्या आडनावांवरून ‘जोन्स-स्मिथ इन्कॉर्पोरेटेड’ असं लेबल लागलं. खोली इतकी लहान होती की बास ड्रम वापरता आला नाही. चार बाजू झाल्या. लेस्टर यंगचं हे पहिलं रेकॉर्डिंग. ‘शू शाइन बॉय’ आणि ‘ओ लेडी बी गुड’ ऐकल्यावर रेडिओवर काय ऐकू येत होतं याचा सर्वांत जवळचा अंदाज येतो, कारण रेनोतल्या प्रसारणांचा ध्वनी आपल्या हाती नाही.

ग्रँड टेरेस

एमसीएला बँड मोठा हवा होता, आणि त्यात केवळ हौस नव्हती. नाचाच्या मोठ्या हॉलांमध्ये ध्वनिवर्धन तोकडं होतं. हजार माणसांच्या पावलांवर आवाज चढवायला पितळी वाद्यांचं, म्हणजे ट्रम्पेट-ट्रोम्बोनचं, संख्याबळ लागे. गुडमनच्या यशानंतर तेरा-चौदा ही अपेक्षित संख्या ठरून गेली होती आणि हॉलमालक तीच मोजून घेत.

म्हणून कॅन्सस सिटी सोडताना भरती झाली. रेनोतला ट्रम्पेटवाला हॉट लिप्स पेज याला दुसऱ्या एजंटानं वेगळं उचललं होतं. ट्रम्पेटला बक क्लेटन आला. (हा क्लेटन १९३४ मध्ये टेडी वेदरफोर्डच्या सांगण्यावरून शांघायला बँड घेऊन गेला होता. तोच वेदरफोर्ड १९३६ च्या सुमारास मुंबईच्या ताजमहाल हॉटेलात क्रिकेट स्मिथच्या बँडमध्ये पियानोला बसला. तेव्हाचं जॅझचं जग वाटतं त्याहून लहान होतं.) हर्शल एव्हन्स दुसरा टेनर सॅक्सोफोन म्हणून आला. दोन ट्रोम्बोन, चौथा सॅक्सोफोन, आणि गिटार व व्हायोलिन वाजवणारा क्लॉड विल्यम्स. झाले तेरा. बस्टर स्मिथ मात्र गेला नाही. हा बेत टिकेल यावर त्याचा विश्वास नव्हता. रेनोतल्या बऱ्याच रिफ, म्हणजे पुन्हा पुन्हा वाजणाऱ्या छोट्या ओळी, त्याच्या डोक्यातून आलेल्या, तेव्हा ही गळती आकड्यात दिसते त्याहून मोठी होती.

पहिला मुक्काम शिकागोचं ग्रँड टेरेस, नोव्हेंबर १९३६. इथून देशभर प्रसारण होई, अर्ल हाइन्सचं नाव इथूनच पसरलं होतं, आणि एमसीएला वायरच हवी होती. पण ग्रँड टेरेसमध्ये नाचाबरोबर रंगमंचाचा कार्यक्रमही असायचा : नर्तिका, गायक, आणि ‘पोएट अँड पेझंट’ हे युरोपीय संगीतकार सुपेचं ओव्हर्चर, म्हणजे नाटकाच्या आधी वाजणारी वाद्यरचना. हे सगळं छापील कागदावरून, ठरल्या जागी थांबत आणि ठरल्या जागी उचलत वाजवायचं. बेसीचा बँड कान आणि स्मरणावर चालणारा. जे वाचू शकत होते तेही एकत्र वाचायला बसलेले नव्हते. मालक एड फॉक्स काढून टाकायलाच निघाला होता. अलेक्झांडरनं समजूत घालून ते थांबवलं.

त्या वेळी बँडप्रमुख आणि रचनाकार फ्लेचर हेंडरसन धावून आला. त्याचा बँड तिथे आधी होता, आणि त्यानं स्वतःच्या लिखित रचनांचा मोठा गठ्ठा बेसीला वापरायला दिला. व्यवसायात असं सहसा कुणी करत नाही. त्या काळी बँडचं ‘बुक’, म्हणजे लिखित रचनांचा संच, हीच त्याची स्थावर मालमत्ता होती. हेंडरसनच्या कागदांनी दोन गोष्टी साधल्या : रोज रात्री वेळ भरून निघाली, आणि चार सॅक्सोफोन व पाच पितळी वाद्यांनी एकत्र श्वास कुठे घ्यायचा याची शिकवणी झाली. फेब्रुवारी १९३७ ची पिट्सबर्गची प्रसारणं ऐका. ‘किंग पोर्टर स्टॉम्प’ आणि ‘या मॅन’मध्ये हेंडरसनचा हात स्पष्ट कळतो.

सूर का लागेना

नाताळच्या सुमारास बँड न्यूयॉर्कच्या रोझलँड बॉलरूममध्ये उभा राहिला, समोर वुडी हर्मनचा बँड. ‘मेट्रोनोम’ या संगीत मासिकाचा समीक्षक जॉर्ज सायमन प्रसारणं ऐकून लिहिता झाला, आणि त्याच्या टीकेचा सारांश असा : सॅक्सोफोन बेसूर, पितळी वाद्यं त्याहून बेसूर, आणि सगळे मिळून तर विचारूच नका. हा मत्सर किंवा अज्ञान म्हणून सोडून देणं सोपं आहे. पण २१ जानेवारी १९३७ च्या पहिल्या डेका सत्रातल्या चार बाजू नीट ऐकल्या तर सायमनचं म्हणणं पटतं. ठेका हवेत उचलून नेतो. पितळी वाद्यांचे एकत्र सूर एकमेकांना घासतात.

याचं मूळ बँड रिफ कशा बांधत होता त्यात आहे. ती पद्धत अशी. बेसी एकटा पियानोवर एक-दोन आवर्तनं वाजवून लय ठरवतो. लय बसेपर्यंत बाकीच्यांनी थांबायचं. मग सॅक्सोफोनपैकी एक जण दोन बारची छोटी ओळ काढतो. उरलेले दोघं तीच ओळ आपापल्या सुरावरून धरतात. ट्रम्पेट मोकळ्या जागेत उत्तर टाकतात. एकल वादक उभा राहिला की हीच ओळ त्याच्या मागे हलक्या आवाजात चालू राहते, शेवटच्या आवर्तनांत पुन्हा वर येते. कागद नाही, जे टिकलं ते उद्याही वाजतं, जे रंगलं नाही ते गळतं.

तिघांच्या रांगेत हे विनासायास जमतं, कारण साध्या कॉर्डमध्ये सूरच तीन : सा, ग, प. ज्यानं ओळ काढली त्याचा सूर सोडून उरलेले दोन दोघं उचलतात. चौथा वादक आला की प्रश्न उभा राहतो. त्यानं धैवत घ्यायचा की कोमल निषाद, की पहिल्याचाच सूर खालच्या सप्तकात? तोंडी ठरवलं तर आज एक, उद्या दुसरं. दोघांनी नकळत एकच सूर धरला तर रांग पोकळ वाजते. एकानं धैवत आणि दुसऱ्यानं निषाद धरला तर शेजारशेजारचे सूर आपटतात आणि ऐकणाऱ्याला तो बेसूरपणा वाटतो. म्हणजे सायमनला जे खटकलं त्यातला काही भाग सुरांच्या वाटपाचा होता. त्यात पाच पितळी वाद्यं, त्यातले दोन ट्रोम्बोन नवे.

उरलेला भाग खराखुरा सुरमेळाचा. फुंकीची वाद्यं थंडीत खाली उतरतात, तापली की चढतात. हिवाळ्यात बसमधून उतरून थेट मंचावर गेलं की पहिला अर्धा तास प्रत्येक जण वेगळ्या उंचीवर असतो. त्यात प्रत्येक हॉलचा पियानो वेगळा, आणि पियानोला त्या रात्री वर-खाली करता येत नाही. बाकीच्यांनाच सरकावं लागतं. रांगेनं सूर मिळवायचा तो आपल्या पहिल्या वादकाकडून, आणि इथे ट्रम्पेटचा व आल्टो सॅक्सोफोनचा पहिला वादक कोण हेच अजून स्थिरावलं नव्हतं. रेनोतले नऊ जण रोज रात्री त्याच पियानोशेजारी बसून एकमेकांच्या कानांत मुरले होते. ते मुरणं तेरांना दोन महिन्यांत मिळणार नव्हतं.

दुरुस्ती माणसं बदलून झाली, आणि बदललेल्या जागा पाहिल्या की निदान किती अचूक होतं ते कळतं. ट्रम्पेटच्या पहिल्या खुर्चीवर एड लुइस आला : एकल वादनाचा हव्यास नाही, रांग सरळ ठेवणारा. आल्टोच्या पहिल्या खुर्चीवर १९३७ च्या वसंतात अर्ल वॉरन. मार्च १९३७ मध्ये क्लॉड विल्यम्सच्या जागी फ्रेडी ग्रीन. हा बदल हॅमंडच्या आग्रहाचा, आणि विल्यम्सवर अन्याय करणारा. तो वाईट वादक नव्हता. पण तो एकल वाजवणारा होता आणि त्या जागेला ठेका धरणारा चौथा माणूस हवा होता. ग्रीन बिनविजेच्या गिटारवर बारला चार सरळ ठोके देई. तो वेगळा ऐकू येत नाही. बास आणि हाय-हॅट यांच्या मधली फट त्यानं बुजवली.

लिहिण्याचं काम एडी डरहॅमकडे गेलं. तो मोटेनच्या बँडमधला जुना सहकारी, ट्रोम्बोन आणि गिटार दोन्ही वाजवणारा. १९३७ च्या मध्यापासून वर्षभर तो बँडमध्ये होता. ‘टॉप्सी’ आणि ‘टाइम आउट’ त्याच्या. बँडमध्ये तोंडी जन्मलेल्या ओळींचं वाटप कागदावर पक्कं करायचं आणि मधल्या एकल वादनाच्या जागा मोकळ्या सोडायच्या, हा त्याचा शिरस्ता. सगळं लिहून काढलं असतं तर हेंडरसनचा आणखी एक बँड तयार झाला असता. काहीच लिहिलं नसतं तर सायमन बरोबर ठरत राहिला असता.

७ जुलै १९३७ ला ध्वनिमुद्रित झालेलं ‘वन ओ’क्लॉक जंप’ हे या जुळणीचं मोजून पाहण्याजोगं उदाहरण. ब्लूजचं बारा बारांचं आवर्तन त्या लयीत साधारण सोळा सेकंदांत संपतं. दहा इंची रेकॉर्डच्या तीन मिनिटांत दहा-अकरा आवर्तनं मावतात. सुरुवातीला बेसी एफ पट्टीत दोन आवर्तनं एकटा, सोबत फक्त ठेका. मग पट्टी डी फ्लॅटवर जाते आणि एव्हन्स, ट्रोम्बोनवर जॉर्ज हंट, यंग, क्लेटन असे एकामागून एक येतात. प्रत्येकाच्या मागे वेगळी रिफ. पुन्हा ठेका आणि पियानोचे तुकडे. शेवटची तीन आवर्तनं सगळ्यांची, प्रत्येकात रांगांची ओळ वेगळी. रेनोचीच रीत आहे, फक्त कुणी कुठला सूर धरायचा हे पक्कं झालेलं. या चिजेचं बँडमधलं मूळ नाव रेडिओवर उच्चारण्याजोगं नव्हतं. निवेदकाची अडचण आणि घड्याळातला एक यांतून आजचं नाव आलं, असं बेसीच सांगे.

वायरचं गणित आणि फेमस डोअर

हॉलमधून प्रसारण म्हणजे प्रत्यक्षात काय होतं : मंचापासून केंद्रापर्यंत टेलिफोन कंपनीकडून भाड्यानं घेतलेली तार, मंचाशेजारी छोटा मिक्सर घेऊन बसलेला अभियंता, मोजके मायक्रोफोन, एक निवेदक, आणि पंधरा मिनिटं किंवा अर्ध्या तासाची वेळ, बहुधा रात्री उशिराची. प्रायोजक नसल्यामुळे बँडला त्यातून सांगण्यासारखी कमाई नसे. उलट जिथे वायर असे तिथली बिदागी कमी असली तरी बँड ती घेत. मुक्कामात तोटा, हवेतून नाव, आणि मग त्या नावावर एकेका रात्रीच्या दौऱ्यांत भरपाई असं ते चक्र. वायरशिवायचा दौरा पडून राही, आणि दौऱ्याशिवायची वायर कर्जात नेई. गोऱ्या बँडांना चांगल्या हॉटेलांतली वायर सहज मिळे. काळ्या बँडांना त्या जागा बहुधा बंदच. पिट्सबर्गच्या विल्यम पेन हॉटेलातल्या चॅटरबॉक्स खोलीचा १९३७ चा मुक्काम म्हणूनच अपवाद होता.

त्या वर्षी बिली हॉलिडे बँडबरोबर गात होती आणि तिचा करार दुसऱ्या कंपनीशी. त्यामुळे बेसीबरोबरचं तिचं एकही स्टुडिओ रेकॉर्डिंग नाही; जे आहे ते वायरमुळे. ३० जून १९३७ च्या सॅव्हॉय बॉलरूमच्या प्रसारणातली दोन गाणी आणि नोव्हेंबरच्या मेडोब्रूक प्रसारणातलं एक. फुकटात वाजवलेल्या अर्ध्या तासांनी हेही मागे ठेवलं.

१९३८ च्या उन्हाळ्यात अलेक्झांडरनं फेमस डोअरचा सौदा जमवला. ५२ व्या रस्त्यावरची ही जागा म्हणजे वीस-पंचवीस फूट रुंद आणि पन्नास-साठ फूट लांब खोली, छत बुटकं, गिऱ्हाईक मावणार साठेक. तिथे चौदा वादक बसवायचे! मालकांचा आक्षेप दुहेरी होता : जागा नाही, आणि वातानुकूलन नसल्यानं उन्हाळ्यात धंदा नाही. अलेक्झांडरनं एमसीएकडून २,५०० डॉलर वातानुकूलनासाठी उसने मिळवून दिले आणि बदल्यात बेसीला घ्यायला लावलं. सीबीएसची वायर आली. जुलैत बँड बसला.

खोली लहान असल्याचा तोटा गिऱ्हाइकांच्या कानांना झाला असेल. बँडला फायदाच झाला, असं ध्वनिमुद्रणं सांगतात. मोठ्या हॉलमध्ये रांगा एकमेकींपासून दूर बसतात, मागच्यांना पुढचे उशिरा ऐकू येतात आणि प्रत्येक जण जोर लावतो. इथे चौदा जण खांद्याला खांदा लावून, पितळी वाद्यं सॅक्सोफोनच्या मानेवर. जोर लावला तर काहीच कळेनासं होणार, म्हणून आवाज आवरावा लागला आणि एकमेकांचं ऐकावं लागलं. रेनोत जे आपसूक होत होतं ते चौदांना इथे नाइलाजानं करावं लागलं. तोवर ट्रम्पेटला हॅरी एडिसन, ट्रोम्बोनला बेनी मॉर्टन आणि डिकी वेल्स आले होते. मुक्काम चालू असतानाच, २२ ऑगस्टला, ‘जंपिन’ ॲट द वुडसाइड’ रेकॉर्ड झालं. जानेवारी १९३७ च्या बाजूंशेजारी ते ठेवलं की रांगांचा सूर किती सरळ झाला ते वेगळं सांगावं लागत नाही.

लेस्टर यंग आणि हर्शल एव्हन्स यांना रांगेच्या दोन टोकांना बसवण्याची बेसीची युक्तीही याच काळात चांगली वठली. एकाचा सूर हलका, कंपन कमी. दुसऱ्याचा रुंद आणि थरथरता. दोघांचं फारसं पटत नसे, आणि बेसी ते मिटवायच्या भानगडीत पडला नाही. फेब्रुवारी १९३९ मध्ये एव्हन्स वारला आणि हा तोल गेला.

१९५० : तीच अडचण दुसऱ्या बाजूनं

युद्धानंतर नाचाचे हॉल ओसरले. चौदा-सोळा जणांचा पगार निघेना, म्हणून १९५० मध्ये बेसीनं मोठा बँड मोडला आणि दोन वर्षं सहा ते नऊ जणांवर भागवलं. जवळजवळ रेनोचाच आकार. पण या वेळी तो त्याच वाटेनं परत गेला नाही. १९५२ मध्ये पुन्हा उभारलेला मोठा बँड सुरुवातीपासून कागदावर बांधला होता : नील हेफ्टी आणि इतरांच्या रचना, वाचण्यात तरबेज वादक, एकल वादनाला मोजकी जागा. न्यूयॉर्कचं बर्डलँड हे त्याचं घर झालं, तिथूनही प्रसारणं होत राहिली. ‘एप्रिल इन पॅरिस’ १९५५ चं, हेफ्टीच्या रचनांचा ‘ॲटॉमिक’ अल्बम १९५७ चा. जुन्या चाहत्यांची तक्रार असते की या बँडमध्ये यंग-एव्हन्ससारखी माणसं नाहीत. खरं आहे, पण तो बँड माणसं बदलली तरी वाजेल असाच बांधला होता, म्हणून बेसी १९८४ मध्ये जाईपर्यंत आणि त्यानंतरही चालला. जुन्या ठेक्यातले शेवटपर्यंत दोघंच : पियानोवर बेसी आणि गिटारवर ग्रीन.

ऐकण्याचा क्रम

हे प्रकरण कानानं तपासायचं असेल तर आधी जोन्स-स्मिथच्या नावाचं ‘शू शाइन बॉय’ घ्या. त्यानंतर लगेच डेकाचं ‘रोझलँड शफल’, जानेवारी १९३७ चं. पाया तोच आहे, माणसं पाचाची तेरा झाली आहेत, आणि बेसी व यंग यांची सवाल-जवाबाची जागा तशीच राखलेली आहे. रांगा आत येतात तिथे कान द्या. मग पिट्सबर्गची प्रसारणं, त्यात हेंडरसनच्या रचना आणि बँडच्या स्वतःच्या रिफ आळीपाळीनं येतात, आणि बँड कुठल्या वेळी जपून वाजवतो आणि कुठल्या वेळी सैल होतो ते कळतं. ३० जूनचं सॅव्हॉय त्यानंतर. ग्रीन आल्यावर बारचे चार ठोके कसे सारखे झाले ते इथे ऐकू येतं. शेवटी ‘वुडसाइड’. हेडफोन लावून ऐकत असाल तर पहिल्या फेरीत फक्त हाय-हॅटचा माग ठेवा, दुसऱ्या फेरीत पितळी वाद्यांच्या सर्वांत खालच्या सुराचा.